प्रति: ड्रॅगन-युनिकॉर्नचं वेड

वर कोणी म्हटलंय, पोरांना हे वेड कार्टूनमुळेच लागतं. मला नाही पटत. आमच्या नागपुरात तान्ह्या पोळ्याला, म्हणजे पोरांच्या लाकडी बैलांच्या सणाला, मारबती निघतात, ईडा पीडा घेऊन जाणाऱ्या मोठ्या पुतळ्यांची मिरवणूकच. काळी १८८१ पासून, पिवळी १८८५ पासून. मारबत म्हणजे पूतना, असंही सांगतात. पाच वर्षांच्या भाच्याला इतवारीत खांद्यावर बसवून नेलं. काळी दिसताच पोट्ट्यानं माझे केस गच्च धरले, पण डोळे काही मिटले नाहीत! "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत" ओरडून घसा बसवून घेतला. (बहीण माझ्यावरच चिडली.) मारबत शेवटी जाळतात हे कळल्यावर मात्र गप्प. संध्याकाळी चित्र काढलं, काळीला दोन मोठे पंख. म्हणे, "आता उडून जाईल." त्याच्या लाकडी बैलाच्या कपाळावर मधोमध पेन्सिलचा तुकडा चिकटलाय, तो अजून तसाच आहे.