गाइडच्या मागची मेंढरं आणि एकटे फिरणारे सिंह

तळटीप

परवा या मंचावर एकला_जीव यांनी रोमहून परतल्यावर जे लिहिलं ते वाचलं. ज्यांनी वाचलं नसेल त्यांच्यासाठी: छत्री उंच धरलेल्या एका बाईच्या मागे दहा-बारा 'मेंढरं' चालली होती, ती बघून यांना कीव आली. खिशात फोन असताना गाइड घेणं म्हणजे स्वतःच्या डोक्याला रजा देणं, असा एकंदर सूर. दोन दिवस गप्प बसले. आता बसवत नाही.

त्या मेंढरांतली एक मी. तीच नव्हे, पण त्याच कळपातली. रोममध्येच, आठजणांचा गट, तीन तास पायी.

आदल्या दिवशी मी एकटीच पँथिऑन, म्हणजे तिथलं प्राचीन घुमटाचं देऊळ, बघून आले होते. दर्शनी भागावर हातभर अक्षरांत कोरलंय की हे मार्कस अग्रिप्पाने तिसऱ्यांदा कॉन्सल (रोमचा सर्वोच्च अधिकारी) असताना बांधलं. फोनवर भाषांतर करून वाचलं, कृतकृत्य झाले. दुसऱ्या दिवशी गाइडने बरोबर त्याच जागी उभं केलं आणि विचारलं, "हे तुम्हाला पटतं?" मग म्हणाला, अग्रिप्पाची इमारत केव्हाच जळून गेली. समोर आहे ती सम्राट हेड्रियनच्या काळात, साधारण १२५ च्या आसपास पूर्ण झाली, आणि त्याने पाटी मात्र जुन्याच मालकाच्या नावाची ठेवली. विद्वान मंडळीही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत ती पाटी वाचूनच फसत होती. शेवटी विटांवरच्या, त्यांचा काळ सांगणाऱ्या ठशांनी चुगली केली.

आत गेल्यावर सगळ्यांच्या माना वर. तो म्हणाला, आधी खाली बघा. फरशीत बारीक भोकं आहेत, २२. घुमटाच्या माथ्यावरच्या जवळपास ९ मीटरच्या उघड्या 'डोळ्यातून' पाऊस सरळ आत पडतो, ते पाणी जायला. आदल्या दिवशी मी तिथून हातभर अंतरावर तासभर मान वर करून उभी होते.

माहिती फोनमध्ये होतीच हो. पण पायाखाली बघायचं असतं हे कळल्याशिवाय फोनला विचारणार काय?

आणि हो, चाळीस माणसं, कानात यंत्र, पुढे झेंडा, हा प्रकार मलाही नकोच. व्हेनिसने २०२४ पासून गटाला २५ ची मर्यादा घातली आणि कर्णे बंद केले. ॲमस्टरडॅमच्या मध्यवस्तीत २०२० पासून १५ च्या वर नाही. त्या गावांनाही आठ आणि चाळीस यांतला फरक कळतो. तुम्हाला कळला नाही.

एकला_जीव

मेंढरं हा शब्द मागे घेतो. शेळ्या म्हणू. शेळ्या निदान इकडेतिकडे तोंड घालतात.

ताई, भोकं छान आहेत. ती पुस्तकातही आहेत, मी निघायच्या आधी वाचली होती. तयारी करून न जाणाऱ्यांसाठी गाइड असतो, एवढंच तुमच्या गोष्टीतून सिद्ध होतं.

आता माझी गोष्ट ऐका. मी गाइड घेतलेलाच नाही असं नाही. प्राग, लहान गट, नऊजण. खगोलीय घड्याळासमोर उभं करून गाइडसाहेब आवाज खाली आणून सांगतात की हे बनवणाऱ्या हानुशचे डोळे नगरपित्यांनी तापल्या सळईने फोडले, दुसऱ्या गावाला असं घड्याळ करून देऊ नये म्हणून. मग आंधळ्या हानुशने यंत्रात हात घालून ते बंद पाडलं. गटातल्या बायकांनी च्च च्च केलं, पुरुषांनी फोटो काढले. रात्री खोलीवर येऊन वाचतो तर घड्याळ १४१० चं, काडानच्या मिकुलाशने केलेलं. हानुश कितीतरी नंतरचा आणि त्याचे डोळे शाबूत. म्हणजे पैसे देऊन, थंडीत उभं राहून, मी थाप ऐकली.

आणि लहान गटाचं कौतुक मला सांगू नका. चाळीसांतून मागच्या मागे सटकता येतं. नऊजणांत जांभई दिली तरी दिसते.

जुनी_वही

एकला_जीव, तुम्ही ज्यावर बोट ठेवलंत तोच खरा विषय आहे, बाकी सगळं सोडा.

हीच गोष्ट मॉस्कोत सेंट बेसिल चर्चसमोर ऐकायला मिळते. तिथे डोळे फोडणारा झार इव्हान द टेरिबल आणि आंधळा होणारा वास्तुकार पोस्टनिक. चर्च झालं १५५५ ते १५६१ मध्ये, आणि त्यानंतर कझानच्या क्रेमलिनच्या, म्हणजे किल्ल्याच्या, कामात पोस्टनिकचं नाव पुन्हा येतं. आंधळा माणूस तट बांधत होता का?

आग्र्याला हीच गोष्ट हात तोडण्याची. शाहजहानने ताजमहालाच्या कारागिरांचे हात तोडले म्हणे. समकालीन पुरावा शून्य. ताजचं काम चालू असतानाच, १६३९ पासून, हाच बादशहा दिल्लीत लाल किल्ला आणि त्याभोवती अख्खं शाहजहानाबाद उभारत होता. हात तोडलेल्या कारागिरांकडून?

म्हणजे देश वेगळा, राजा वेगळा, गोष्ट एकच. सुंदर इमारत दिसली की कुणाचा तरी अवयव गेला पाहिजे. आणि ही गोष्ट आज जिवंत ठेवली कुणी, तर गाइड लोकांनी. एका माणसाने सांगितलेली थाप रोज दोन फेऱ्या, प्रत्येकी दहा कान. हिशेब करा.

रात्रपाळी

मग काय झालं हो? गोष्ट आहे ती. माझ्या आजीनेही मला हात तोडल्याची गोष्ट सांगितली होती, आजीवर खटला भरू?

मला उलट या गोष्टीचंच नवल वाटतं. तीन ठिकाणच्या लोकांना एकच भीती वाटली: सत्तेला सगळ्यात सुंदर वस्तू एकट्यासाठी हवी असते. हे खोटं आहे का?

जुनी_वही

'खोट्यातलं खरं' ही पळवाट जुनी आहे. करमणूक हवी असेल तर नाटकाला जा. इतिहासाच्या नावाखाली विकू नका. आग्र्याला ती गोष्ट ऐकून लोक काय निष्कर्ष घेऊन घरी जातात तेही बघा जरा.

रात्रपाळी

आणि तुम्ही ग्रंथालयातच बसा, बाहेर ऊन आहे.

गुडघेदुखे

दोघांनी भांडून घ्या, तोवर मी मधे बोलतो.

डोळे कुणाचे फुटले माहीत नाही, माझे गुडघे फुटले. या पायी सहलींबद्दल एक गोष्ट कुणीच लिहीत नाही, ती म्हणजे बसायला कुठे मिळतं. आम्ही दोघं, वय सत्तरीच्या अलीकडे-पलीकडे. लिस्बन. जाहिरातीत 'आरामशीर चाल' असं लिहिलेलं. त्या गावात सपाट जागा शोधावी लागते, आणि पायाखाली चुनखडीचे ते गुळगुळीत बारके चौकोनी दगड. दिसायला नक्षी, पावसात साबण. गाइड तिशीतली पोर, चढावर चालता चालता १७५५ चा भूकंप सांगतेय, आम्ही वीस पावलं मागे. भूकंपानंतर लाटा आल्या एवढं ऐकू आलं, आग लागली ते इथे येऊन वाचलं. दीड तासात स्वच्छतागृह एकदा. सौभाग्यवतींनी त्यानंतर जे तोंड बंद केलं ते मुक्कामी पोचल्यावर उघडलं, आणि उघडलं नसतं तर बरं झालं असतं.

कंपनीला पत्र लिहिलं. उत्तर आलं की 'आरामशीर' हे सापेक्ष आहे.

नकाशेवाला

काका, म्हणूनच ध्वनिमुद्रित सहल घ्यावी. फोनवर उतरवून घ्यायची, कानात घालायची, दम लागला की थांबवायची. आवाजाला गुडघे नसतात. कुणासाठी थांबायलाही लागत नाही. लहान गटाची खरी कीड म्हणजे उशिरा येणारे. चाळीसांत दोघांना सोडून बस जाते. आठांत एक जोडपं आलं नाही की बाकीचे सहा पुतळ्याखाली पुतळे होऊन उभे. एकदा पंचवीस मिनिटं थांबलोय. आले ते हसत.

आणि ते 'फुकट' पायी सहलीचं प्रकरण कुणी काढलं नाही अजून. फुकट म्हणायचं आणि शेवटी टोपी फिरवायची. सुरुवातीला हसत हसत गटाचा फोटो काढतात ना, तो बऱ्याच ठिकाणी आठवणीसाठी नसतो, डोकी मोजायला असतो. डोक्यामागे इतके असं गाइडकडून घेतात. म्हणजे तुम्ही काही न देता निघून गेलात तर तो बिचारा खिशातले घालून तुम्हाला गाव दाखवतो. मग तो डोळेच फोडणार, दुसरं काय. बक्षिशीवर पोट असलेला माणूस विटांवरचे ठसे सांगेल का?

जुनी_वही

हे पटलं. थापेमागचं अर्थकारण.

तळटीप

अहो पण हे माझ्याच बाजूचं आहे. ठरलेले पैसे घेणारा, परीक्षा देऊन परवाना मिळवलेला गाइड आणि टोपी फिरवणारा पोरगा यांना तुम्ही एकाच दावणीला बांधताय. इटलीत परवान्याशिवाय हा धंदा करता येत नाही.

एकला_जीव

परवाना गाडीचाही असतो. रस्त्यावर बघतो आपण.

बाय द वे, त्याच इटलीत कोलोसियमला माझ्या शेजारच्या गटाला काय सांगत होते ऐका. 'व्होमिटोरियम' म्हणजे रोमन लोक हादडून हादडून ओकायला जायचे ती जागा! गळ्यात परवाना लटकत होता. ते बाहेर पडायचे मार्ग आहेत हो. हजारो माणसं झटकन बाहेर 'ओकली' जायची म्हणून ते नाव. तळाला ८० कमानी, त्यांतल्या ७६ वर आकडे कोरलेले, प्रेक्षकाने आपला आकडा बघून आत जायचं. इतकी हुशार व्यवस्था समोर असताना ओकारीची गोष्ट!

तळटीप

म्हणजे फुकटात दुसऱ्याच्या गाइडचं ऐकत उभे होतात. छान. सिंह दुसऱ्याची शिकार खातात असं ऐकलं होतं.

एकला_जीव

कानावर पडलं. कान बंद करायची सोय नाही.

रात्रपाळी

हसले मी, पण मला मघाचं बोलणं पुरं करायचंय. जुनी_वही, ग्रंथालयाचं जरा जास्तच बोलले. तरी ऐका.

मी एकटी फिरते. कामानिमित्त बर्लिनला तीन आठवडे होते. राहत्या जागेपासून कचेरीपर्यंत तोच रस्ता, रोज, हातात नकाशा उघडलेला फोन. शेवटच्या रविवारी एक लहान गट घेतला, सहाजण होतो. गाइड म्हातारी, आवाज बारीक, विनोद एकही नाही. योगायोगाने ती आम्हाला माझ्याच रस्त्यावर घेऊन आली आणि एका दारासमोर थांबली. काही बोलली नाही. आम्ही दाराकडे बघतोय. मग लक्षात आलं की ती खाली बघतेय.

फुटपाथमध्ये पितळेचे तीन चौकोन, तळहाताएवढे, १० सेंटिमीटरचे. 'इथे राहत होता' अशी सुरुवात, खाली नाव, जन्मसाल, कधी नेलं, कुठे मारलं. नाझींनी नेलेल्या माणसांच्या शेवटच्या राहत्या घरासमोर गुंटर डेमनिग नावाचा कलाकार १९९० च्या दशकापासून हे दगड बसवत आलाय. आता एक लाखाच्या वर झालेत. वाचायला वाकावं लागतं, हाच त्यातला हेतू असं लोक म्हणतात.

तीन आठवडे मी त्या तिघांवरून चालत गेले होते. हातातल्या नकाशात रस्ता बरोबर होता.

ती बाई तिथे दोन मिनिटं उभी राहिली आणि पुढे निघाली. हे कुठल्या रेकॉर्डिंगमध्ये आहे ते मला दाखवा, नकाशेवाला.

नकाशेवाला

रेकॉर्डिंगमध्येही असतं. 'आता खाली बघा' असं सांगतात.

पण ठीक आहे. गप्प बसत नाही ते.

जुनी_वही

मीही नाटकाचं मागे घेतो. माझा राग गोष्टीवर नाही, 'अशी दंतकथा आहे' हे तीन शब्द गिळण्यावर आहे. ते तीन शब्द म्हणा आणि खुशाल हात तोडा. चांगला गाइड कुठला हे ओळखायची माझी एकच खूण: त्याला विचारायचं, "हे कशावरून?" तळटीप यांच्या रोमवाल्याने विटांचे ठसे सांगितले. प्रागवाल्याला एकला_जीव यांनी विचारलं होतं का?

एकला_जीव

नव्हतं विचारलं. थंडी होती.

गुडघेदुखे

आणि बाकाचं काय?

तळटीप

काका, तुमच्याबद्दल मात्र माझ्याकडे उत्तर नाही. आमच्या रोमच्या तीन तासांत आम्ही दोनदा बसलो, दोन्ही वेळा चर्चमध्ये, आणि ती मेहेरबानी देवाची होती. पण निघण्याआधी गाइडला थेट लिहून विचारा: किती चढ, किती पायऱ्या, कुठे बसू. आठांच्या गटात निदान विचारायला माणूस असतो. पाणी तरी मिळतं का तेही विचारा. रोममध्ये रस्त्यावरच्या नळांचं तोंड बोटाने दाबलं की वरच्या भोकातून कारंजं उडतं आणि न वाकता पिता येतं, हे मला गाइडनेच दाखवलं. नळ १८७४ पासूनचे, म्हणजे आपल्या दोघांपेक्षा म्हातारे आणि अजून चालू.

गुडघेदुखे

न वाकता. हे पहिलं कामाचं वाक्य या चर्चेतलं.

एकला_जीव

बरं. इस्तंबूलला जायचंय पुढच्या महिन्यात. जमिनीखालच्या त्या ३३६ खांबांच्या जलाशयात मेड्यूसाची, म्हणजे नजरेने माणसाचा दगड करणाऱ्या ग्रीक पुराणातल्या राक्षसीची, दोन डोकी खांबांखाली दिलीत, एक आडवं, एक उलटं. का, ते वाचून ठेवलंय. अर्ध्या दिवसासाठी एक लहान गट घेतो आणि त्याला विचारतो, हे कशावरून. तिची नजर लागू नये म्हणून उलटी ठेवलीत असं छातीठोक सांगितलं, तर इथे येऊन तुम्हाला नावानिशी धरीन.

तळटीप

धरा. फक्त वेळेवर पोचा, बाकीचे सातजण उभे असतात.