चरित्र अभिनेता आणि सहायक अभिनेता एकच का?

प्रश्न : एका लेखात एकाच नटाला कुठे 'चरित्र अभिनेता', कुठे 'सहायक अभिनेता' म्हटलंय. दोन्ही एकच का? आणि यातलं 'चरित्र' कुणाचं?

उत्तर : चरित्र कुणाचंच नाही. शब्द हिंदीतला. तिथे 'चरित्र' म्हणजे स्वभाव आणि कथेतलं पात्रसुद्धा. मराठीत चरित्र म्हणजे जीवनवृत्तांत, त्यामुळे 'चरित्रपट' लगेच कळतो आणि 'चरित्र अभिनेता' वाचताना अडखळायला होतं. बाप, वकील, खाष्ट सासू, गावचा म्हातारा अशा ठसठशीत भूमिका वर्षानुवर्षं करणारा, एवढाच त्याचा अर्थ.

'सहायक' हा पुरस्काराच्या वर्गवारीतला शब्द. तो एका चित्रपटातल्या एका भूमिकेपुरता असतो. 'आनंद'साठी अमिताभ बच्चन यांना सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं, म्हणून ते चरित्र अभिनेते ठरत नाहीत. ए. के. हंगल मात्र बक्षीस मिळो न मिळो, चरित्र अभिनेतेच. लेखात हे दोन शब्द अदलूनबदलून वापरले की पूर्ण कारकीर्द आणि एक भूमिका यांची गल्लत होते.

प्रतिसाद : म्हणजे नायकाचं वय उलटलं की तो चरित्र अभिनेता?

उत्तर : नाही, ही व्याख्या सोडाच. हंगल पडद्यावर आले तेच पन्नाशीनंतर, १९६६ च्या 'तीसरी कसम'मधून. ते नायक कधीच नव्हते. उलट ललिता पवार आधी नायिका होत्या. १९४२ मध्ये चित्रीकरणात बसलेल्या थपडेने चेहऱ्याला पक्षाघात झाला, डोळा अधू झाला आणि भूमिकांचा मोहरा बदलला. पुढे 'अनाडी'तल्या मिसेस डिसाने त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळवून दिलं, १९८७ च्या 'रामायण' मालिकेत त्या मंथरा झाल्या. या वाटचालीला 'चरित्र अभिनेत्री' हाच शब्द पेलतो.

'दुय्यम भूमिका' म्हणायला हरकत नाही, ते कथेतलं स्थान झालं. 'दुय्यम नट' मात्र लिहू नका, त्यात माणसाचीच पायरी उतरवली जाते.

पुरवणी : लिहिताना 'सहायक' किंवा 'साहाय्यक'. 'सहाय्यक' अशुद्ध. आणि सामान्यरूप 'अभिनेत्याला', 'अभिनेत्याची'. 'अभिनेताला' हे रूप मथळ्यांत सर्रास दिसतं, ते चूक आहे.