'जॉबर पाहिजे' ही पाटी बदलायची का?

साचेखात्याची लेक: माझे वडील सोलापुरात लक्ष्मी-विष्णू गिरणीच्या साचेखात्यात, म्हणजे मागांच्या विभागात, लाइन जॉबर होते; एका रांगेतले साचे, म्हणजे माग, नीट चालते ठेवणं हे त्यांचं काम. परवा भाच्याला हे सांगितलं, तर त्यानं विचारलं, "म्हणजे आजोबा सारखे हरायचे?" टीव्हीवरच्या अमेरिकी कुस्तीत जॉबर म्हणजे ठरल्याप्रमाणे हरणारा मल्ल. त्यातच अक्कलकोट रोडचे ओळखीचे एक कारखानदार म्हणतात, 'जॉबर पाहिजे' या पाटीला तरुण पोरं येत नाहीत, आता पाटीवर 'लूम टेक्निशियन' लिहितो. मला हे अजिबात पटत नाही. धोटा, म्हणजे आडवा धागा नेणारा तुकडा, ताण्यात, म्हणजे उभ्या धाग्यांत, अडकला की शेकडो तार तुटतात. साच्याचा आवाज बदलला की वडील लांबूनच ओळखायचे आणि धोटा अडकायच्या आत साचा थांबवायचे. तो मान 'जॉबर' या शब्दालाच होता.

पूर्व भाग: ताई, मान होता तशी भीतीही होती. जॉबर फक्त साचा दुरुस्त करत नव्हता, माणसं भरायचा आणि काढायचाही. रोज सकाळी दारात उभ्या असलेल्या बदलीवाल्यांतून, म्हणजे गैरहजर कामगारांच्या जागी लागणाऱ्यांतून, कोणाला आत घ्यायचं हे तोच ठरवायचा. माझ्या आजोबांनी पहिला पगार हातात यायच्या आधी जॉबरला दस्तुरी, म्हणजे काम लावल्याचे पैसे, दिली होती. बायकांच्या खात्यात नाईकीण, म्हणजे बाई जॉबर, असायची, तिचंही तेच. भारतातल्या कामगारांवरच्या रॉयल कमिशनच्या 1931 च्या अहवालानं या पद्धतीवर कडक टीका केली आहे. शब्द गेला तर मला दुःख नाही.

साचेखात्याची लेक: दस्तुरी होती, हे नाकारत नाही. पण आज पॉवरलूमवर भरती मालक करतो. जॉबरकडे राहिलं ते निव्वळ कसब: टेरी टॉवेलच्या दोन बीमचा, म्हणजे ताणा गुंडाळलेल्या रुळांचा, ताण जुळवणं, चादरीवर नक्षी विणणारं जेकार्ड लावणं. वाईट भाग गेल्यावर शब्द का टाकायचा?

लाल माती: मी तालमीतला, मला ती टीव्हीची कुस्ती आवडत नाही. तरी भाच्याला एक सांगा. तिथंही 'जॉब' म्हणजे कामच. अंगावर डाव घ्यायचा, समोरच्याला मोठं दाखवायचं आणि दोघांनीही धडधाकट घरी जायचं. तिथला बॅरी हॉरोविट्झ वर्षानुवर्षं हरत होता, 1995 साली अचानक जिंकला तर लोक अजून ती लढत काढून बघतात. शेअर बाजारात तर जॉबर स्वतःच्या नावावर खरेदी-विक्री करून दिवसभराच्या फरकावर कमावतो. तीन धंद्यांत तीन अर्थ असले म्हणून काय बिघडलं?

पूर्व भाग: बिघडतं ते पोराचं लग्न ठरवताना. माझा मुलगा जॉबर आहे. मुलीकडच्यांना मी 'मेकॅनिक' सांगतो. पाटी बदलली तर मला तरी बरं वाटेल.

साचेखात्याची लेक: दादा, हे वाचून वाईट वाटलं. यावर माझ्याकडे उत्तर नाही. पण एक विचारते, भाच्याला साचा चालताना बघायचाय, तुमच्या मुलाकडे घेऊन येऊ का?

पूर्व भाग: या की. पहिल्या पाळीत या, तेव्हा जेकार्ड चालू असतं.