मदत हवी आहे : सावकारीवरच्या डॉक्युमेंटरीसाठी आवाज पाहिजेत (सांगली-मिरज)

नमस्कार मंडळी, मी सांगलीचा, वर्षभर झालं खाजगी सावकारीवर एक प्रायोगिक डॉक्युमेंटरी करतोय. गँगवॉर, कोयते असलं काही नाही त्यात, टोळीवाल्याकडून महिना दहा टक्क्यांनी पैसे उचललेल्या घरात रोजचं जगणं कसं बदलतं तेवढंच. चेहरा एकही नाही, नुसते हात, वस्तू नि आवाज. एका काकूंना बेल वाजली की टीव्ही म्यूट करायची सवय लागलीय, पैसे फिटून दोन वर्षं झाली तरी! रिमोट मांडीवरच असतो, त्या बटणावरचं चित्र पार पुसून गेलंय. ते शूट केलं त्या रात्री मला झोप नाही लागली.

अडचण अशीय की लोक बोलतात पण आवाज ओळखतील म्हणून घाबरतात, आवाजाची पट्टी म्हणजे पिच बदलून बघितलं पण बोलायची ढब लपत नाही हो, गल्लीतला माणूस दोन वाक्यात ओळखतो, आणि पिच परत मूळावर आणता येतो ते वेगळंच. म्हणून त्यांचे शब्द दुसऱ्यांकडून वाचून घ्यायचेत. विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला मराठी नाटक उभं केलं ते याच गावात, तर नाटकातल्या ४५-६० वयाच्या, इकडचीच बोली बोलणाऱ्या बायका कुणाच्या ओळखीत आहेत का? मानधन देणार, नाव कुठंही येणार नाही.

आणि वकील कुणी असेल तर, २०१४ च्या सावकारी कायद्याखाली किंवा मोक्काखाली (संघटित गुन्हेगारीविरुद्धचा कायदा) केस झाली तर माझं रॉ फुटेज पोलीस मागू शकतात का? काकूंना शब्द दिलाय मी. प्लीज मेसेज करा.