जोन हिक्सनची पन्नास वर्षं ‘वाया’ गेली?

खडीसाखर:
काल इथे कुणीतरी लिहिलं की ब्रिटिश नटी जोन हिक्सनचं खरं करिअर १९८४ मध्ये, वयाच्या ७८व्या वर्षी, बीबीसीने मालिकेत मिस मार्पल (अगाथा ख्रिस्तीच्या रहस्यकथांमधली म्हातारी हेर) दिली तेव्हा सुरू झालं. त्याआधीची पन्नास वर्षं म्हणे मोलकरणी आणि घरमालकिणी करण्यात वाया गेली. वाचल्यापासून डोकं फिरलंय, म्हणून सविस्तर लिहिते.

बाई १९२७ पासून रंगभूमीवर. १९७९ मध्ये ‘बेडरूम फार्स’ या नाटकासाठी टोनी हा अमेरिकन नाट्यपुरस्कार मिळाला, तेव्हा मार्पलचा पत्ताही नव्हता. आणि त्या मोलकरणी केल्या म्हणूनच तशी मार्पल झाली! मालिकेतली ‘अ पॉकेट फुल ऑफ राय’ ही कथा आठवा. ग्लॅडिस या कामवाल्या पोरीचा गळा आवळून वर नाकाला कपड्यांचा चिमटा लावतात. घरचा धनी मेलाय, बायको मेलीय, पण मार्पल येते ती ग्लॅडिससाठी. तिला कामाचं वळण मार्पलनेच लावलेलं असतं. तो संताप आवाज न चढवता दाखवायला, जन्मभर स्वयंपाकघराच्या दारातून दिवाणखान्याकडे बघितलेली नटीच लागते.

तिसरी घंटा:
ते वाक्य माझंच. तिच्या कसबाबद्दल मी अवाक्षर काढलेलं नाही, बोलले ते संधीबद्दल. माझी आत्या व्यावसायिक नाटकात होती. कायम शेजारीण नाहीतर मावशी. जाहिरातीत नाव नाही, नाइटचे पैसे मागितले की ‘पुढच्या प्रयोगाला बघू’. तिच्या एंट्रीला टाळ्या पडायच्या, घरी मात्र ती शेवटपर्यंत शिवणकाम करत होती. चरित्र भूमिकांचे गोडवे गाणाऱ्यांना हे दिसत नाही.

रविवार दुपार:
हिक्सन ठीक आहे, पण मिस मार्पल म्हणजे १९६०च्या दशकातल्या चित्रपटांमधली मार्गारेट रुदरफोर्ड! खुद्द अगाथा ख्रिस्तीने १९६२ ची मार्पल कादंबरी तिला अर्पण केली आहे. यापुढे काय बोलायचं?

खडीसाखर:
बोलायचं बरंच आहे. रुदरफोर्डच्या चार चित्रपटांपैकी दोन मुळात ख्रिस्तीच्या दुसऱ्या हेराच्या, प्वारोच्या, कथांवरचे, आणि ‘मर्डर अहॉय’ला तर ख्रिस्तीची कादंबरीच नाही. पुस्तकातली मार्पल कोपऱ्यात विणत बसते, कुणाच्या लक्षातही येत नाही. रुदरफोर्ड खोलीत शिरली की सगळी खोली तिचीच. उत्तम नटी, पण ती मार्पल नव्हे. १९६१ च्या ‘मर्डर, शी सेड’मध्ये रुदरफोर्डची मार्पल ज्या घरात शोध घेते, त्याच घरात घरकामाला मिसेस किडर आहे. ती कोण? जोन हिक्सन! १९८७ मध्ये त्याच कथेत ती मार्पल झाली.

पुस्तकी किडा:
दोघंही थांबा. खरा गुन्हा आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीच्या मार्पल मालिकेने केला. २००४ मध्ये ‘द बॉडी इन द लायब्ररी’चा शेवटच बदलला. मग टॉमी-टपेन्स या ख्रिस्तीच्याच दुसऱ्या हेर जोडप्याच्या कथेत मार्पल घुसवली! आपल्याकडेही कादंबरी मालिकेत गेली की हेच होतं. आवडत्या कादंबरीचा असा चोथा झालेला बघितल्यापासून मी मालिका सोडल्या.

रविवार दुपार:
म्हणजे बदल रुदरफोर्डने केला तर पाप, आणि हिक्सनची मार्पल तेवढी सोवळ्यातली? पुस्तकाशी ताडून बघायचं तर पुस्तकच वाचा. आमच्या घरी रुदरफोर्ड लागली की आजोबासुद्धा इंग्रजी न कळता हसायचे. ते कुठल्या तराजूत तोलणार?

खडीसाखर:
आजोबांना नमस्कार, पण हसू आलं म्हणून मार्पल होत नाही. धाग्याचा विषय हिक्सन आहे, कृपा करून परत या.

तिसरी घंटा:
चला, ग्लॅडिसचा मुद्दा मानला. ‘वाया’ हा शब्द जड झाला असेल. पण मूळ प्रश्नाला तुम्ही हात लावलेलाच नाही. ख्रिस्तीने हिक्सनला १९४०च्या दशकात नाटकात पाहून चिठ्ठी पाठवली होती, की माझी मार्पल तुम्ही एक दिवस करावी. बाई तेव्हा चाळिशीच्या आसपास होती. भूमिका मिळाली ७८व्या वर्षी, आणि ख्रिस्ती तर १९७६ मध्येच गेली. लेखिकेने स्वतः बोट दाखवलेली नटी मधली सगळी वर्षं दुसऱ्यांच्या दिवाणखान्यात चहा आणून देत होती. ती संधी कुणी अडवली, ते सांगा.