मॅकमिलन यांना कॅमेऱ्यासमोर तो प्रश्न विचारणे योग्य होते का?

२३ फेब्रुवारी १९५८ रोजी ब्रिटनचे हुजूर पक्षाचे पंतप्रधान हॅरल्ड मॅकमिलन यांची आयटीएन या खासगी वृत्तवाहिनी संस्थेच्या रॉबिन डे यांनी दूरचित्रवाणीवर मुलाखत घेतली. परराष्ट्रमंत्री सेल्विन लॉइड यांच्यावर वृत्तपत्रांतून होणाऱ्या टीकेबद्दल आपल्याला काय वाटते, असे डे यांनी थेट विचारले. लॉइड यांचे काम उत्तम आहे आणि केवळ दबाव येतो म्हणून आपण बदल करणार नाही, असे मॅकमिलन म्हणाले. माझ्या मते हा प्रश्न अनुचित होता, कारण त्याला दुसरे उत्तर असूच शकत नव्हते. चारचौघांत विचारल्यावर कोणता पंतप्रधान आपल्या सहकाऱ्याला नालायक ठरवेल? लॉइड परराष्ट्रमंत्री असताना १९५६ साली सुएझ कालव्यासाठी इजिप्तवर केलेल्या फसलेल्या स्वारीचा जाब विचारायला कॉमन्स सभागृह होते आणि तेथे प्रश्न विचारणारा निवडून आलेला असतो. (डे पुढच्याच वर्षी लिबरल पक्षातर्फे हेरफर्डमधून उभे राहिले आणि पडले, हा भाग वेगळा.)

प्रतिसाद १

सभागृहाचा हवाला देताना एक गोष्ट आपण गाळली आहे. चौदा दिवसांत संसदेत ज्या विषयावर चर्चा व्हायची असेल, त्यावर प्रक्षेपणात आधी वादविवाद करायचा नाही, हा नियम ऐन सुएझ प्रकरणातही लागू होता. तो १९५६च्या डिसेंबरात स्थगित झाला. १९५१ साली निवेदक लेस्ली मिचेल यांनी हुजूर पक्षाचे नेते अँथनी ईडन यांची दूरचित्रवाणीवर घेतलेली मुलाखत तर पक्षाचेच प्रचारप्रक्षेपण होते. लॉइड यांच्यावरची टीका डे यांनी पदरची घातलेली नव्हती, ती छापून आलेली होती. जे वर्तमानपत्रात वाचायला मिळते ते पंतप्रधानांना तोंडावर विचारू नये, ही सभ्यता नेमकी कोणाच्या सोयीची?

धागालेखक

छापील टीकेकडे दुर्लक्ष करता येते. कॅमेऱ्यासमोर मात्र गप्प बसणे हेच उत्तर ठरते. माझा आक्षेप एवढाच आहे.

प्रतिसाद २

मॅकमिलन कोंडीत सापडले, हे आपण दोघांनीही गृहीत धरले आहे. जानेवारीत अर्थमंत्री थॉर्निक्रॉफ्ट दोन सहकाऱ्यांसह राजीनामा देऊन गेले होते, आणि मुलाखतीच्या अकराच दिवस आधी पोटनिवडणुकीत रॉचडेलची आपली जागा गमावून हुजूर पक्ष तिसऱ्या क्रमांकावर फेकला गेला होता. दुसरे आले ते लिबरल लुडोविक केनेडी, म्हणजे आयटीएनचेच वृत्तनिवेदक. अशा वेळी शांतपणे सहकाऱ्याची पाठराखण करणारा नेता घरोघरी दिसला, यात नुकसान कोणाचे झाले? लॉइड परराष्ट्र खात्यात १९६०पर्यंत टिकले. १९६२च्या जुलैत मॅकमिलन यांनी एकदम सात मंत्र्यांना नारळ दिला, त्यांत अर्थमंत्री झालेले हेच लॉइड होते, आणि तेव्हा कोणत्याही मुलाखतकाराने त्यांना भरीस घातले नव्हते.

धागालेखक

मान्य, पण प्रश्न नेत्याच्या पथ्यावर पडला, म्हणून तो विचारणे उचित ठरत नाही.