सल्ला हवाय: ड्रुइडच्या रूप बदलण्याला वेसण कशी घालायची?

अर्धवटडीएम:
लोकहो मदत करा. डी अँड डी (डन्जन्स अँड ड्रॅगन्स, फासे टाकत गोष्ट खेळायचा गेम) पाचवी आवृत्ती, २०१४चे नियम, चार खेळाडू, सगळे चौथ्या लेव्हलला. मी डीएम (गोष्ट सांगून खेळ चालवणारा) म्हणून पहिल्यांदाच मोठी कँपेन (बरीच सेशन चालणारी गोष्ट) चालवतोय आणि त्यात एकजण सर्कल ऑफ द मूनवाला ड्रुइड आहे (निसर्गाची जादू करणारा, जनावर होऊ शकणारा; मून हा त्यातला रूप बदलण्यावर भर देणारा सबक्लास, म्हणजे उपप्रकार). आता अवस्था अशी झालीय की मी आठवडाभर डोकं खाजवून जे लिहून आणतो ते हा पठ्ठ्या पहिल्या दहा मिनिटांत कोळी होऊन दाराच्या फटीतून आत जाऊन बघून येतो, पहारेकरी किती, खजिना कुठे, मागचं दार कुठे, सगळं. भिंत आली की कावळा. मारामारी आली की अस्वल, आणि अस्वल मेलं की परत नवं अस्वल. बाकीचे तिघं फासे हातात धरून बसतात नुसते. रोग खेळणारी (म्हणजे आपला चोर हो, आजार नाही) परवा म्हणाली की मला एखादं कुलूप तरी शिल्लक ठेवा.

माझ्या डोक्यात दोन उपाय आहेत, दिवसातून एकदाच रूप बदलायला द्यायचं, नाहीतर जास्त वेळ जनावर राहिलं तर मनही हळूहळू जनावराचं होतं असं काहीतरी लावायचं. कसं वाटतं? दुसऱ्या एखाद्या गेममध्ये चांगला नियम असेल तर तोही उचलायला तयार आहे. आणि विझार्ड (जादूगार) सातव्या लेव्हलला पॉलिमॉर्फ (कोणालाही प्राणी करणारा स्पेल, म्हणजे मंत्र) घेणार म्हणून आत्ताच जाहीर करून बसलाय, त्याचं टेन्शन वेगळंच.

सातवाफासा:
थांब थांब. कावळा? चौथ्या लेव्हलला?? उडणारं रूप आठव्या लेव्हलपर्यंत मिळतच नाही. दुसऱ्या लेव्हलला उडणं नाही पोहणं नाही, चौथ्याला पोहणं सुटतं, आठव्याला उडणं. मून ड्रुइडला दुसऱ्या लेव्हललाच सीआर १ (सीआर म्हणजे प्राणी लढायला किती अवघड त्याचा आकडा) मिळतो हे खरं, पण ती सूट फक्त सीआरची आहे, बाकीची बंधनं तशीच. कावळ्याचा सीआर शून्य असला तरी पंख आहेत ना, मग नाही.

अर्धवटडीएम:
अरे देवा. तीन सेशन झाली कावळा उडतोय.

सातवाफासा:
होतं असं, सगळ्यांचं होतं. घरचा नियम लावायच्या आधी पुस्तकातले नियम तरी एकदा पूर्ण लावून बघ, अर्धी वेसण तिथेच सापडेल. वाइल्ड शेप (म्हणजे हे रूप बदलणं) दोनदाच, मग शॉर्ट किंवा लाँग रेस्ट (छोटी किंवा मोठी विश्रांती) घ्यायलाच लागते. वेळ लेव्हलच्या निम्मे तास, म्हणजे त्याला दोन तास, रात्रभर मांजर होऊन पडून राहता येत नाही. प्राणी बीस्ट (साधं जनावर, राक्षस नाही) हवा आणि त्याने तो आधी कधीतरी पाहिलेला हवा. जनावराच्या रूपात स्पेल टाकता येत नाहीत, ते थेट अठराव्या लेव्हलला. पण आधी टाकून ठेवलेल्या स्पेलवरचं कॉन्सन्ट्रेशन (तो चालू ठेवायला लागणारं लक्ष) टिकतं हे लक्षात ठेव, त्यात त्याच्यावर अन्याय नको करूस. बोलणं आणि हाताची कामं त्या जनावराला जेवढी जमतील तेवढीच. आणि अस्वलाचे हिट पॉइंट (जीव किती उरला त्याचा आकडा) शून्यावर आले की उरलेलं डॅमेज माणसाला लागतं हे कितीजण करतात देव जाणे. अस्वलाचे ५ हिट पॉइंट उरलेत आणि १७चा फटका बसला तर १२ ड्रुइडच्या अंगावर. करतोस का हे?

अर्धवटडीएम:
नाही 🙈

जांभळीटोपी:
मी कित्येक वर्षं ड्रुइडच खेळतेय त्यामुळे जरा त्या बिचाऱ्याची बाजू मांडते. दिवसातून एकदा वगैरे अजिबात करू नकोस, त्याचा अख्खा सबक्लासच त्या एका गोष्टीवर उभा आहे, ती काढलीस तर काय राहिलं. ब्राउन बेअरचे ३४ हिट पॉइंट, दोनदा म्हणजे ६८ जादा, हे दुसऱ्या तिसऱ्या लेव्हलला खरंच अति वाटतं, मान्य. पण त्या अस्वलाचा एसी (वार बसायला फाशावर गाठावा लागणारा आकडा) ११ आहे रे! पाचव्या लेव्हलला जे राक्षस समोर येतात त्यांचा प्रत्येक वार बसतो आणि ३४ दोन फेऱ्यांत संपतात. आणि सीआर २ मिळणार सहाव्याला, तोपर्यंत तेच अस्वल. मारामारीचा प्रश्न तू काही न करता आपोआप सुटणार आहे.

कोळ्याचं मात्र तू फारच सोपं करून ठेवलंयस. साधा कोळी म्हणजे १ हिट पॉइंट, एका फेरीत २० फूट. लपायला फासा टाकावाच लागतो, "मी कोळी आहे म्हणून कोणाला दिसत नाही" असा नियम कुठेही नाही. अंधारात त्याला ३० फुटांपर्यंतच दिसतं. आणि कोणी चप्पल मारली तर? मरत नाही तो, पहारेकऱ्यांच्या खोलीत मधोमध उभा राहतो, एकटा, माणूस म्हणून. मला ह्याच्याइतकी भीती ड्रॅगनची पण वाटली नाही कधी.

आणि तुझ्या रोगसाठी उत्तर हेच आहे. कोळ्याला कुलूप दिसतं, उघडता येत नाही. दांडा दिसतो, ओढता येत नाही. कैदी दिसतो, त्याच्याशी बोलता येत नाही. हात हवे असतील तर माणूस व्हायला लागतं आणि माणूस झाला की परत यायला दुसरा वाइल्ड शेप जातो. तू "आत काय आहे" हे गुपित ठेवून सेशन लिहितोयस म्हणून ते दहा मिनिटांत फुटतंय. आतलं सगळं त्याला खुशाल कळू दे, काम मात्र असं ठेव जे हातांनीच होतं.

अर्धवटडीएम:
हे डोक्यातच आलं नव्हतं. मी आतापर्यंत भिंती जाड करत बसलो होतो.

जुनाखेळ्या:
ड्रुइड खेळायला मिळाला १९७६ साली आणि तेव्हापासून ही रड चालू आहे, तू पहिला नाहीस. अ‍ॅडव्हान्स्ड डी अँड डीच्या जुन्या पुस्तकात सातव्या लेव्हलला रूप बदलणं मिळायचं, दिवसातून तीनदा, पण एकदा सरपटणारा, एकदा पक्षी, एकदा सस्तन, अशी वाटणी. मला आजही तोच नियम सगळ्यात आवडतो कारण एकाच अस्वलावर दिवस काढता येत नाही, सकाळी सस्तन खर्च केला की संध्याकाळी सापावर भागवा. हवा तर उचल. साडेतीनमध्ये (३.५ आवृत्तीत) मात्र सगळं हाताबाहेर गेलं होतं, शरीराचे आकडे जनावराचे मिळायचे म्हणून लोक पात्र बनवताना ताकद वगैरे मुद्दाम कमी ठेवायचे, वर नॅचरल स्पेल नावाचं फीट (खास कौशल्य) घेतलं की अस्वल उभ्या उभ्या स्पेलही टाकायचं. बाजूचा फायटर बघत बसायचा.

मन जनावराचं होण्याबद्दल. जुन्या पॉलिमॉर्फमध्ये ते होतं, दुसऱ्यावर स्पेल टाकला की त्याचं शरीर धक्का सोसतंय का हे टक्केवारीच्या फाशावर ठरायचं, नाही सोसलं तर मेलाच, आणि जगला तरी मन त्या प्राण्याचं व्हायची भीती. वाचायला भारी वाटतं. पण ते शापासाठी ठेव, शत्रूच्या जादूसाठी ठेव. ड्रुइडवर लावू नकोस. खेळाडूच्या हातातून त्याचं पात्र काढून घेतलंस की तो मोबाईल काढतो.

कोरीवही:
दुसऱ्या गेमचं विचारलंस म्हणून. पाथफाइंडरच्या दुसऱ्या आवृत्तीत लढाईचं रूप घेतलं की एसी आणि हल्ल्याचे आकडे स्पेलमध्येच ठरवून दिलेले असतात, त्यामुळे कुठल्या प्राण्याचा स्टॅट ब्लॉक (आकड्यांचा तक्ता) भारी हे शोधत बसायची भानगडच नाही. वेळही बहुतेक एकच मिनिट, तेवढ्यात बोलता येत नाही, स्पेल नाहीत. संतुलित आहे पण खरं सांगू का, मला ते जरा गणवेश घातल्यासारखं वाटतं.

डन्जन वर्ल्डचा ड्रुइड बघ, तो मला जास्त पटतो. तिथे प्राणी झालं तरी आकडे बदलतच नाहीत. दोन फासे टाकायचे, १० किंवा वर आलं तर तीन होल्ड, ७ ते ९ ला दोन, त्याखाली एकच आणि वर डीएमच्या मनात येईल ते संकट. त्या प्राण्याला साजेसं काही करायचं, भिंत चढायची, वास काढायचा, की एक होल्ड जातो. संपले की माणूस. शिवाय प्रत्येक रूपात त्या ड्रुइडची एक खूण कायम दिसते, म्हणजे समजा एक डोळा हिरवा तर कोळ्याचाही हिरवा. ती खूण तर तू उद्यापासून लावू शकतोस, आकडा एकही बदलत नाही आणि एकदा पकडला गेला की पुढच्या वेळी पहारेकरी हिरव्या डोळ्याचं मांजर शोधत फिरतात.

जांभळीटोपी:
खूण मस्त आहे!! मी माझ्या पात्रासाठी घेतेय.

सातवाफासा:
आता पॉलिमॉर्फ. चौथ्या लेव्हलचा स्पेल, ६० फूट, एक तास, कॉन्सन्ट्रेशन. ज्याच्यावर टाकला त्याच्या लेव्हलइतक्या सीआरचं बीस्ट, म्हणजे सातव्याला जायंट एप, १५७ हिट पॉइंट. हो, १५७, आत्ताच दोन ग्लास पाणी पिऊन घे. आठव्याला टायरानोसॉरस. पण हा स्पेल आहे, वाइल्ड शेप स्पेल नाही, हा फरक धरून ठेव. डिस्पेल मॅजिकने (जादू मोडणाऱ्या स्पेलने) पॉलिमॉर्फ उडतं, वाइल्ड शेप उडत नाही. विझार्डला दगड मारून कॉन्सन्ट्रेशन मोडलं की एप खलास. ट्रूसाइट (खरं रूप दिसणारी नजर) असलेल्याला दोन्हींत मूळ रूप दिसतं. आणि शत्रूला गोगलगाय केलीच तर ती मेल्यावर शत्रू आधी होते तेवढ्या हिट पॉइंटसकट परत उभा राहतो, त्यामुळे त्याने लढाई संपत नाही, पुढे ढकलली जाते फक्त. मुळात रूप बदलू शकणाऱ्या राक्षसांवर तर चालतच नाही.

मोठा फरक म्हणजे इथे बुद्धीही प्राण्याची होते. टायरानोसॉरसची बुद्धी २. त्याला "डावीकडच्या जादूगाराला मार, पुलावरून जाऊ नकोस" असले डावपेच कळणार नाहीत.

जांभळीटोपी:
झालं, आला हा मुद्दा. स्वभाव तोच राहतो असं स्पष्ट लिहिलंय ना. मित्र कोण शत्रू कोण हे त्याला कळतं.

सातवाफासा:
कळतं, मी कुठे नाही म्हणतोय. योजना कळत नाही म्हणतोय.

जांभळीटोपी:
कुत्र्याला पण "छू" कळतं.

सातवाफासा:
"छू" कळेल. "आधी पडद्यामागे थांब आणि मी शीळ घातली की ये" नाही कळणार. डीएम, हे तू सातव्या लेव्हलच्या आधी टेबलवर बोलून ठरव, लढाईच्या मध्ये ठरवायला गेलास तर तासभर भांडण.

कोरीवही:
एक राहिलं, २०२४च्या पुस्तकातला वाइल्ड शेप तुला बहुतेक तयार औषध आहे. तिथे हिट पॉइंट स्वतःचेच राहतात, वर तात्पुरते मिळतात ड्रुइड लेव्हलइतके, मूनवाल्याला तिप्पट. चौथ्या लेव्हलला १२. कुठे ३४ आणि कुठे १२. शिवाय रूपांची यादी ठरलेली, चौथ्याला सहा. सहा कार्डं लिहून आणायला सांग, मधेच पुस्तक चाळत बसणं बंद होतं. फक्त शॉर्ट रेस्टला एकच वापर परत येतो आणि जनावराच्या रूपात बोलता येतं, त्यामुळे कैद्याशी गप्पा होतील. हे चालत असेल तर घे.

अर्धवटडीएम:
कालचं सेशन झालं, सांगतो. आकड्यांना हात लावला नाही, जुनेच नियम नीट लावले, सहा कार्डं आणि खूण एवढंच नवीन. कावळ्याचं मी घाबरत घाबरत सांगितलं तर तो हसायलाच लागला, त्याला पहिल्या दिवसापासून माहीत होतं, मला कधी कळतंय ते बघत होता हरामखोर.

मग तो कोळी होऊन किल्ल्यात गेला, किल्ली खुंटीला टांगलेली बघितली आणि तिच्याभोवती तीन चकरा मारल्या. शेवटी माणूस झाला, किल्ली घेतली, आणि दार बाहेरून पण कुलूपबंद आहे हे तेव्हा कळलं. रोगने बाहेरचं कुलूप उघडलं तेव्हा ती खुर्चीवर उभी राहून ओरडली.

आता नवीन प्रश्न. त्याने सहापैकी एका कार्डावर आउलबेअर (अर्धं घुबड, अर्धं अस्वल) लिहून आणलंय.

सातवाफासा:
आउलबेअर बीस्ट नाही, मॉन्स्ट्रॉसिटी (राक्षसांतला प्रकार) आहे. आणि सीआर ३. दोनदा नाही म्हण.

अर्धवटडीएम:
म्हणालो. तो म्हणतो नावातच बेअर आहे.